चांदी कुत्रीची न दिसणारी पिल्लं

चहा घ्या, पण घोट तोंडात धरून ऐकू नका. मागच्या खेपेला हे सांगताना आमच्या व्याह्यांच्या नाकातून चहा आला होता. गोष्ट भुताची आहे, कुत्रीची आहे आणि माझ्या फजितीची आहे. तिन्ही एकाच गोठ्यात कशी जमली, तेवढंच सांगतो.

मी सातवीपर्यंत शिकलेला. म्हणजे सातवीत बसलो, पुढं सरकलो नाही. पण जड शब्दांचा शौक लय. एखादा शब्द कानावर पडला की मी तो खिशात घालतो आणि गावभर मिरवून घेतो. अर्थाचं नंतर बघू.

दुसरा शौक लोकांना भेडसवायचा. पोरानं परभणीला नेऊन मला दातांची कवळी बसवून दिली, तेव्हा तर माझ्या हाती हत्यारच आलं. आमच्या गावात महालिंगअप्पा किराणावाले आहेत. गळ्यात लिंग, कपाळाला भस्म, वागायला सोन्यासारखा माणूस, पण काळीज चिमणीचं. एकदा मी ती कवळी त्यांच्या गुळाच्या ढेपेत रोवून ठेवली. ढेप दात काढून आपल्याकडं बघून हसायलीय, हे बघितल्यावर अप्पांनी त्या दिवशी दुकान उघडंच टाकून घर गाठलं. अजून गूळ तोलताना ते आधी ढेप फिरवून बघतात.

आता गोदाक्का. अप्पांच्या दुकानाला पाठ लावून तिचा गोठा. नवरा गेला, लेकरूबाळ झालंच नाही, बैल विकले. राहिली ती आणि तिची पांढरी कुत्री, चांदी. राणीसावरगावच्या बाजाराला गेली तरी चांदी पुढं, गोदाक्का मागं. दोघी एकमेकींशी बोलतात. म्हणजे बोलते गोदाक्काच, पण चांदी मान अशी डोलवते की आपल्याला वाटावं, हिला सगळं पटलेलं आहे.

तर उन्हाळ्याचे दिवस होते. आमच्याकडचा उन्हाळा तुम्हाला माहीत नसेल तर सांगतो. दुपारी वारासुद्धा सावलीला बसतो. गल्लीत माणूस नाही, झाडावर पाखरू नाही. लोक रात्रीला उगाच बदनाम करतात. खरी भुताटकी बघायची तर आमच्या भर दुपारी बघा.

अशाच एका दुपारी माझ्या म्हशीला बघायला जनावरांच्या डॉक्टरीणबाई आल्या. जाता जाता त्यांची नजर गोदाक्काच्या गोठ्यात गेली. चांदीचं पोट फुगलेलं, थानं दुधानं तटलेली, आणि गव्हाणीतल्या कडब्यात ती उकरून उकरून जागा करत होती. गोदाक्का शेतात गेलेली. बाईंनी चांदीचं पोट चाचपलं आणि मला म्हणाल्या, "आजोबा, ही आभासी गर्भधारणा आहे. पोटात पिल्लं नाहीत. पण हिच्या शरीराला वाटतंय की आहेत."

पुढं बाई आणखी काहीतरी सांगत होत्या, काय करा, काय करू नका. मी मान हलवत होतो, पण कान बंद झाले होते. आभासी गर्भधारणा! असा शब्द मला सत्तरीपर्यंत भेटला नव्हता. तो तोंडात घोळवायला लागलो तर कवळीसुद्धा गोड लागायली.

संध्याकाळी गोदाक्कानं विचारलं, डॉक्टरीण काय म्हणाली म्हणून. आता मी सरळ सांगितलं असतं तर हा किस्साच झाला नसता. पण मी घसा साफ केला, आवाज खाली आणला आणि म्हणालो, "आक्का, आभासी गर्भ हाय. मंजी पिल्लं हायत, पण दिसत न्हाईत."

मला वाटलं, ती हसेल, नाहीतर मला शिव्या देईल. तिनं चांदीकडं बघितलं. चांदी गव्हाणीत पोटाची कमान करून पडली होती, आणि त्या कमानीत, जिथं काहीच नव्हतं, तिथं जीभ फिरवत होती. हळू, पाठीवरून शेपटापर्यंत चाटावं तशी.

"दिसत न्हाईत म्हनून काय झालं," गोदाक्का म्हणाली. "हायत की." आणि तिनं वाटीत भाकर कुस्करली, बाळंतिणीची म्हणून वर थोडा गूळ घातला.

खरं सांगतो, तिथं माझ्या अंगावर पहिला काटा आला. पण जीभ थांबते का? दुसऱ्या दिवशी अप्पांच्या दुकानात मी त्या शब्दाचं प्रवचन केलं. आभासी गर्भात किती पिल्लं असतात ते डॉक्टरलाही मोजता येत नाही, असं सांगितलं. ती भिंतीतून आरपार जातात, असंही सांगितलं. ही भर माझ्या पदरची, आणि ती मुद्दाम अप्पांच्या भिंतीकडं बघून घातली.

झालं. गाव लोटलं. लोक दुपारी यायचे, गोठ्याच्या दारात उभे राहायचे, आत अंधारात बघायचे. चांदीच्या थानातून दूध ठिपकायचं. पिणारं कोणी दिसायचं नाही. कडबा मात्र ओला व्हायचा. बघणारा परत जायचा आणि घरी जाऊन पाय धुवायचा.

आणि मग तो आवाज सुरू झाला. कट्, कट्. ऐन दुपारी, गव्हाणीच्या तळातून. थांबायचा, परत कट्, कट्. जसं कोणीतरी आत बसून सुपारी फोडतंय. अप्पा म्हणाले की तो आवाज आता त्यांच्या भिंतीतून यायलाय, साखरेच्या पोत्यामागून.

आता गंमत बघा. गावाला जेवढी भीती वाटत होती, त्याच्यापेक्षा जास्त मला वाटायला लागली. का? अहो, गावाला ठाऊक होतं की आत पिल्लं आहेत. मला एकट्याला ठाऊक होतं की आत काहीच नाही. मग आवाज कोण करत होतं?

त्यात त्याच सुमारास माझी कवळीही हरवली होती. दुपारी ओट्यावर झोपताना मी ती पाण्याच्या वाटीत काढून ठेवतो. उठलो तर वाटी पालथी, कवळी गायब. मी ओळखलं, हा अप्पांनी गुळाच्या ढेपेचा बदला घेतलाय. विचारायला जावं तर हसणार. बायकोला विचारलं तर ती म्हणाली, "बरं झालं. आता तरी तोंड मिटून बसा." मी वरणात भाकर भिजवून गिळत होतो आणि गप होतो. गालफडं आत गेलेली, बोलायला गेलं की शब्दांची हवा व्हायची.

इकडं गोदाक्कानं पाचवी करायचं ठरवलं. आपल्याकडं लेकरू जन्मलं की पाचव्या दिवशी सटवाई येते आणि त्याच्या कपाळी नशीब लिहून जाते. तिच्यासाठी पाटा पुजतात, कोरा कागद आणि लेखणी ठेवतात. चांदीला दूध सुटलं त्या दिवसापासून धरून गोदाक्कानं पाचवा दिवस काढला, गव्हाणीपाशी पाटा मांडला, हळदकुंकू वाहिलं. बायका हसत हसत गेल्या आणि गंभीर तोंडानं परत आल्या.

हे अप्पांच्या कानावर गेलं आणि अप्पांचा धीर सुटला. त्यांचा विचार असा होता, आणि तो मला आजही खोडता येत नाही. सटवाई येणार, लेखणी घेणार. पण पिल्लांची कपाळंच दिसत नाहीत, तर ती लिहिणार कुठं? अंधारात चाचपडत शेजारच्या कपाळावर लिहिलं म्हणजे? आणि भिंतीला भिंत लागून शेजारी, रात्री राखणीला दुकानात निजतं कोण? अप्पा!

अप्पांनी चारजण गोळा केले. ठरलं की पाचवीची सांज व्हायच्या आत चांदीला पोत्यात घालायचं, टेम्पोत टाकायचं आणि थेट येलदरीच्या धरणापलीकडं सोडायचं, म्हणजे वास काढत परत यायला नको. पोतं घेऊन सगळे भर दुपारी गोदाक्काच्या दारात आले.

गोदाक्का गोठ्याच्या उंबऱ्यावर बसली होती. भांडली नाही, रडली नाही. एवढंच म्हणाली, "टेम्पोत जागा ठिवा. मी बी येते. तिच्याबिगर मी घरात कुनाशी बोलू?"

हे ऐकलं आणि माझं सगळं हसू पोटात गेलं. मी पुढं झालो. सगळ्यांना सांगितलं की थांबा, आभासीचा अर्थ तसा नाही. पिल्लं नाहीतच. तिच्या अंगाला नुसतं वाटतंय. डॉक्टरीणबाईंनी मला असंच सांगितलं होतं, मी तुमची गंमत केली.

कोण विश्वास ठेवणार? जन्मभर थापा मारल्या, आणि ज्या दिवशी खरं बोललो त्या दिवशी तोंडात दात नाहीत. निम्मं तर कोणाला कळलंच नाही. अप्पांनी गळ्यातलं लिंग मुठीत धरलं आणि म्हणाले, "नाना, काल हायत म्हनलाव, आज न्हाईत म्हनायलाव. तुमाला बी धरलंय त्यांनी. बोलनं बगा कसं बदललंय तुमचं."

"मी हात घालून दावतो," मी म्हणालो. "काहीच न्हाई आत."

"दावा मग," अप्पा म्हणाले. "काही नसंल तर आमी पोतं घेऊन परत जातो."

मी आत शिरलो. बाहेरच्या उन्हातून आत गेल्यावर डोळ्यांपुढं नुसतं काळं झालं. आंबूस दुधाचा वास. पाट्यावरचं कुंकू तेवढं लाल दिसत होतं, शेजारी कोरा कागद. वारा नसताना तो कागद हलला. मी देवाचं नाव घ्यायला गेलो तर कोणत्या देवाचं घ्यावं तेच सुचेना.

गव्हाणीतून दोन डोळे चमकले. चांदी गुरगुरली नाही. कण्हल्यासारखा, अंगाईसारखा बारीक आवाज काढत होती. आणि तिच्या पोटाखालून, अगदी जवळून, आवाज आला. कट्, कट्.

मी स्वतःला समजावलं. नाना, तुझीच थाप आहे. तूच बनवलीस. तुझ्या थापेला तू काय भितोस? आणि कडब्यात हात घातला.

हाताला काहीतरी लागलं. ओलं. कोमट. गुळगुळीत. मी धरलं, तर ते मिटलं. माझ्या बोटावर मिटलं. अहो, मला चावलं!

मी कसा बाहेर आलो ते मला माहीत नाही. लोक सांगतात की उंबऱ्यावरच्या गोदाक्काला ओलांडून उडी मारून आलो. गुडघ्यांनी दहा वर्षांत असं काम केलं नव्हतं. गल्लीच्या मधोमध उभा राहून, पोकळ तोंडानं, मी ओरडत होतो, "हाय! हाय! त्याला दात हायत! जन्मताच दात!"

पोतं तिथंच राहिलं. चारजण चार दिशांना. अप्पा दुकानाकडं धावले, तिथं भिंत आठवली, परत फिरले आणि पळता पळता मलाच येऊन धडकले. आम्ही दोघं एकमेकांना मिठी मारून उभे. एवढं प्रेम आमच्यात कधी नव्हतं.

गोदाक्का उठली. पदर खोचला, आत गेली. आतून तिचं बोलणं ऐकू आलं, "दे गं बाय. मी हाय ना. दे." मग ती दारात आली. उन्हात हात पुढं केला. तळहातावर, दुधानं माखलेली, चाटून चाटून आरशासारखी लखलखणारी माझी कवळी.

मागून चांदी आली. तिनं मान वर करून तळहाताकडं बघितलं, आणि पिल्लू पडलंच तर झेलायच्या बेतानं जवळ उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरीणबाईंना बोलावून आणलं. त्यांनी अख्ख्या गावासमोर शब्दाचा अर्थ सांगितला. मग माझ्याकडं वळून म्हणाल्या, "आजोबा, मी तुम्हाला तेव्हाच सांगितलं होतं. अशी कुत्री एखादी वस्तू पिल्लू समजून जवळ धरते, तर चपला, खेळणी उचलून ठेवा. तुम्ही मान हलवत होतात." मी आत्ताही मान हलवली. चांदी चाटायची तसे वरचे दात खालच्या दातांवर आपटायचे, तोच तो कट्, कट्. अप्पांनी पोतं झटकून घडी घातलं आणि गोदाक्काला गुळाचा खडा नेऊन दिला, बाळंतिणीसाठी म्हणून. खडा आधी फिरवून बघितला होता, हे सांगायला नको.

काही दिवसांत चांदीचं पोट उतरलं, दूध आटलं. बाई म्हणाल्या, आता ती विसरेल.

बाकीचं विसरली. पण रोज दुपारी, गल्ली सामसूम असताना, मी जेवायला बसलो की पांढरी सावली दारात येऊन उभी राहते. भुंकत नाही, भाकर मागत नाही. माझ्या तोंडाकडं बघत राहते. बायको म्हणते, "दावा की तिला. ती का ताटकळायलीय?" मग मी घास खाली ठेवतो आणि तोंड मोठ्ठं उघडतो. चांदी वाकून आत बघते. आपलं पिल्लू सुखरूप आहे अशी खात्री पटली की शेपूट हलवते आणि जाते. त्याच्याआधी मला जेवता येत नाही.