स्वभावोक्ती आणि आतली कडी

दहावीच्या वर्गाला मी अठ्ठावीस वर्षं अलंकार शिकवतो आहे. उपमा, रूपक, अतिशयोक्ती पोरं हसतखेळत शिकतात. स्वभावोक्ती आली की मात्र फळ्याकडे बघत बसतात, कारण यात अलंकार आहे कुठे, हेच त्यांना कळत नाही. मग मी सांगतो की माणूस, जनावर, वस्तू जशी आहे तशीच सांगायची, पण अशी सांगायची की ऐकणाऱ्याच्या डोळ्यासमोर उभी राहिली पाहिजे. पुस्तकातलं उदाहरण मी देत नाही. हौदावर आलेला बैल आधी नाकानं पाण्यावर फुंकर मारतो, कचरा बाजूला सारतो, मान एकदा वर करून सगळीकडे बघतो आणि मगच तोंड घालतो, एवढंच सांगतो. पोरांच्या माना डोलतात. मागच्या बाकावरचा एखादा म्हणतोच, "सर, आमचा बैल अस्साच पेते."

या एका अलंकारावर माझं गावातलं नाव आहे. साखरखेर्ड्याच्या आसपास कुणी निवृत्त झालं की मानपत्र मी लिहायचं. कुणी गेलं की सरण पेटल्यावर दोन शब्द बोलायला लोक माझ्याकडेच बघतात. मेलेला माणूस तंबाखू कसा मळायचा, चुन्याची डबी कोणत्या खिशात ठेवायचा, एवढं सांगितलं की लोक उपरण्यानं डोळे पुसतात. तो घरात कसा वागायचा ते मी सांगत नाही. कुणी विचारतही नाही.

वर्गात न सांगितलेली एक गोष्ट इथे सांगून टाकतो. अतिशयोक्तीनं कुणी फसत नाही. कुणी आपली म्हैस हत्तीएवढी आहे म्हटलं तर ऐकणारा हसतो आणि मनातल्या मनात तिला म्हशीएवढी करून घेतो. फसवायचं असेल तर स्वभावोक्तीच लागते. एकही शब्द खोटा न बोलता माणसाचं वाटोळं करता येतं. हे मी कुठे वाचलेलं नाही, करून पाहिलेलं आहे.

माझी बहीण माझ्याहून सहा वर्षांनी लहान. तिची सोयरीक जमत आली तेव्हा मी नुकताच शाळेत लागलो होतो आणि स्वतःच्या भाषेवर फार खूश होतो. स्थळ दुसरबीडच्या पुढच्या एका गावातलं होतं. मुलाचं रस्त्यावर कृषी केंद्र होतं, घर पक्कं होतं, दोघे भाऊ एकत्र राहत. आमच्याकडे तेव्हा मुलाचं घर पाहायला पुरुषच जायचे. ज्या मुलीला त्या घरात जन्म काढायचा, ती लग्नाआधी त्या घराचा उंबरा बघत नसे. पाहून आलेल्यानं सांगायचं आणि तिनं ऐकायचं. आता विचार केला की संताप येतो. तेव्हा ही रीतच होती, आणि सांगणारा म्हणून मला तर ती फारच आवडायची.

वडील, दोन काका आणि मी गेलो. वडील कोर्टात कारकून होते. ते आणि काका बैठकीत बसले, विहीर, बोअर, छपराचे पत्रे यांवर बोलत राहिले. मी हात धुवायला म्हणून आत गेलो. आतलं घर बघितलं ते फक्त मी.

माजघर थंड होतं. चुलीजवळची भिंत नुकतीच सारवलेली होती. परसात लिंबाचं झाड होतं, खाली दगडी पाटा, पाट्यावर वाळत घातलेल्या कुरड्या. माजघराच्या पलीकडे एक खोली होती. तिच्यात लोखंडी पलंग, भिंतीला आरसा आणि आरशाच्या कडेला चिकटवलेल्या टिकल्या. पाच लाल आणि एक हिरवी. खोली थोरल्या सुनेची होती. ती माहेरी गेली आहे, असं सासूनं न विचारताच सांगितलं.

त्या खोलीच्या दाराला आतून कडी नव्हती. पूर्वी कडी होती तिथे स्क्रूची चार भोकं होती आणि भोकांभोवतीचा रंग उडालेला होता. बाहेरच्या अंगाला नवी कोरी कडी होती आणि तिच्यात कुलूप लटकत होतं. ज्या खोलीत बाई झोपते तिला आतून कडी नाही आणि बाहेरून कुलूप आहे, हे मी पाहिलं. पाहिलं आणि मला कळलंही. कळलं नाही असं म्हणायची सोय मी स्वतःला ठेवलेली नाही.

संध्याकाळी घरी आलो. बहीण चुलीपाशी भाकरी थापत होती, आई आणि शेजारच्या दोन बाया बसल्या होत्या. "सांग नं दादा," बहीण म्हणाली, "कसं हाये?"

मी सांगायला लागलो. लिंबाची सावली परसात कुठवर येते ते सांगितलं. पाट्यावरच्या कुरड्या सांगितल्या. ताज्या सारवणावर उठलेली बोटं सांगितली. तिचा हात भाकरीवर थांबला होता आणि तव्यावरची भाकरी करपायला लागली होती. मग मी आरशापाशी आलो, पाच लाल आणि एक हिरवी टिकली सांगितली, तशी ती खुदकन हसली.

"हिरवी काऊन असन?"

"हिरव्या लुगड्यावर लावत असन," शेजारीण म्हणाली, आणि सगळ्या हसल्या.

आरशापासून दार चार पावलांवर होतं. मी तिथवर गेलो नाही. वडील थकले होते, हे चौथं स्थळ होतं, ही कारणं खरी आहेत. पण माझ्यापुरतं खरं कारण वेगळं आहे आणि त्याची मला लाज वाटते. चित्र सुंदर जमलं होतं आणि ती कडी त्यात बसत नव्हती.

"बस," बहीण म्हणाली, "मले समदं डोळ्यासमोर दिसलं."

जेवताना वडिलांनी विचारलं, "दारं-खिडक्या कशा हायेत?" कोर्टात त्यांनी जन्मभर पंचनाम्यांच्या नकला केल्या होत्या. पंचनाम्याला चव नसते, पण त्यात आधी दारं लिहितात, असं ते म्हणायचे.

"सागवानी," मी म्हणालो, "मोठी हायेत."

तेही खरंच होतं. पुढच्या महिन्यात लग्न झालं. थोरली माहेराहून कधीच परत आली नाही आणि ती खोली माझ्या बहिणीला मिळाली.

चार वर्षांनी बहीण वर्षाच्या मुलीला घेऊन माहेरी आली आणि परत जात नाही म्हणाली. मग आमच्याच घरी बैठक बसली. दोन्हीकडचे आठ-दहा पुरुष, पानाचं तबक, मधे सतरंजी. जावई मान खाली घालून बसला होता. बहिणीला बोलावलं. ती दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली.

"सांग बाई, काय तरास हाये?" आमच्या थोरल्या काकांनी विचारलं.

"तो मले कोंडते," ती म्हणाली.

"कोंडते म्हंजे?"

"खोलीत. बाहेरून कुलूप लावते."

"काऊन लावते?"

"त्याले विचारा."

"मारहान?"

"हाव."

"कशानं? कवा?"

ती पुढे एक अक्षर बोलली नाही. माणसं एकमेकांकडे बघायला लागली. त्यांना काही दिसत नव्हतं. कोंडते, कुलूप लावते, हाव, एवढ्यावर कुणाच्या डोळ्यासमोर काय उभं राहणार? मी बाजूलाच बसलो होतो आणि मलाही वाटलं, ही नीट सांगत काऊन नाही. आपण किती हलकट असू शकतो, हे मला तेव्हा कळलं.

मग जावयाचे चुलते बोलायला उठले. पांढरं धोतर, आवाज खर्जातला. त्यांच्या भागात सरणापाशी बोलायचा मान त्यांचा होता. ते म्हणाले, "कोन म्हंते कोंडते? म्या माह्या डोळ्यानं पाह्यलं. सकाळी दुकानात जायच्या आंधी हा पोरगा सोता चहा करते. कपबशी कुडत्याच्या काठानं पुसते. बशीत चहा ओतते, फुंकते, आन् मंग सुनबाईपुढं धरते. पोरगी त्याच्या खांद्यावर झोपेल राह्यते. तिची लाळ कुडत्यावर सांडते, पन हा तिले खाली ठेवत नाही."

ते चित्र खोटं नसेल. एखाद्या सकाळी तसं झालंही असेल. सगळ्यांना ते दिसलं. बैठक सैल झाली, कुणी हसलं, कुणी पानाचं तबक पुढे सरकवलं. कपबशी कुडत्याच्या काठानं पुसणं मला फार आवडलं, ते आपल्याला सुचायला हवं होतं असं वाटलं. माझी बहीण चौकटीला धरून उभी होती आणि मी त्या माणसाला मनातल्या मनात दाद देत होतो.

मग ते चुलते माझ्याकडे वळले. "मास्तर, तुमी त समदं घर आतून पाह्यलं होतं. तुमच्यासारकी नजर कोनाची नाही. तुमीच सांगा, हाये का तशी बाहेरून कडी?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. वडीलही. हो म्हणालो असतो तर पुढचा प्रश्न वडिलांचाच होता, की मग तेव्हा बोलला काऊन नाहीस.

"आता लक्षात नाही," मी म्हणालो.

बहिणीनं मान वर केली. पाच लाल आणि एक हिरवी, हे तिला तोंडपाठ होतं. मला काय लक्षात राहतं आणि काय नाही, हे त्या बैठकीत फक्त तिला माहीत होतं. ती आत गेली आणि पिशवी भरायला लागली. दुपारच्या गाडीनं तिला परत पाठवलं.

त्यानंतर ती अडीच वर्षं तिथे राहिली. त्या अडीच वर्षांचं वर्णन मी करणार नाही. ते मला माहीत नाही, कारण तिनं ते मला कधी सांगितलं नाही आणि विचारायचं तोंड मला नव्हतं. मग एक दिवस ती मुलीला घेऊन निघाली, ती माहेरी आलीच नाही. मेहकरला एक खोली घेतली, शिलाई मशीन टाकली, मुलीला शिकवलं. वडील गेले तेव्हा आली, तेराव्याला थांबली आणि परत गेली. वडिलांच्या सरणापाशी मी बोललो नाही. लोकांना वाटलं, दुःख अनावर झालं.

मी तिच्याकडे जातो. ती चहा देते. "कसं चाललं?" म्हटलं की "चाललं" म्हणते. लहानपणी ही मुलगी बाजारातून आली की अर्धा तास बोलायची. कोणती बाई कोणत्या दुकानात कशावरून भांडली, याच्या नकला करायची. तिच्यासारखं सांगणं मला कधी जमलं नाही. आता ती मला काहीच सांगत नाही. शिक्षा म्हणूनही ते करत नसेल, माझ्यापुढे तिला सांगावंसंच वाटत नसेल, आणि ते जास्त वाईट आहे.

गेल्या महिन्यात तिचा फोन आला. भाची दवाखान्यात नर्स आहे. तिला हिवरा आश्रमाजवळच्या एका गावातलं स्थळ आलं होतं. मुलगा मुलीला पसंत होता, आता घर पाहायचं होतं. भाचीला सुटी मिळत नव्हती. "मामा लागते," बहीण म्हणाली, "म्हून ये."

गेलो. मुलाच्या वडिलांनी मला मानानं बसवलं. बहीण बसलीच नाही. "मी घर पाह्यते," असं म्हणून सरळ आत गेली. मी बैठकीत बसून होतो आणि सवयीनं बघत होतो. खिडकीत कोथिंबिरीचा डबा होता, भिंतीवर लहान मुलानं खडूनं काढलेली गाडी होती, पाणी घेऊन आलेल्या सुनेनं पेला ठेवायच्या आधी स्टूल पदरानं पुसलं. आतून दार लावल्याचा आवाज येत होता. लागायचं, उघडायचं. मग दुसरं. घरातली माणसं गोंधळून एकमेकांकडे बघत होती. मुलाची आई हसून म्हणाली, "बाई लय बारीक पाहून राह्यल्या."

परत मेहकरला आलो तर भाची ड्यूटीवरून येऊन दारातच उभी होती. हसत मला म्हणाली, "मामा, तुम्ही सांगा नं कसं आहे घर. शाळेतली पोरं म्हणतात, तुम्ही सांगितलं की सगळं दिसतं."

खोटं कशाला बोलू, माझं वाक्य तयार होतं. कोथिंबिरीपासून सुरुवात करणार होतो. मी तोंड उघडलं तोच बहीण पायातल्या चपला काढता काढता म्हणाली, "त्याले नको विचारू. मी सांगते. घराले सहा दारं हायेत. सहाईले आतून कडी हाये. साऱ्या लावून पाह्यल्या, लागतात."

"आणखी?"

"आनखी काही नाही. बाकीचं तू जाऊन पाह्य."

भाची माझ्याकडे वळली. "खरंच मामा? सहा आहेत?"

मी दारं मोजली नव्हती.