बेंबळीची बायको

आधी सरांचं सांगतो. धाराशिवच्या ज्या वाचनालयात मी झाडलोट करतो, तिथली मागची खोली मला त्यांनीच मिळवून दिली. आठवीत शाळा सोडून गोंदियाहून आलेल्या माणसाला इथं ओळखत कोण होतं? सर निवृत्त शिक्षक. रविवारी दुपारी ते वाचनालयात जुने मूकपट दाखवतात. पडद्यावर मधेमधे इंग्रजी पाट्या येतात. त्यांचं मराठी सर वहीत लिहून देतात, ते मी मोठ्यानं वाचतो.

समोरच्या झेरॉक्सच्या दुकानातली मुलगी दर रविवारी यायची. मी तिची खुर्ची पुसून ठेवायचो. हे तिला माहीत नव्हतं. मग एक रिक्षावाला तिच्या शेजारी बसायला लागला. जवळच्याच बेंबळी गावचा, मिशीवाला.

त्या रविवारच्या चित्रपटातही नायिकेच्या मागं दोघं होते, एक गरीब आणि एक मिशीवाला. मिशीवाल्यानं तिचा हात धरला. गरीब दाराआडून बघत राहिला. मीही बघत होतो, पण पडद्याकडं नाही. पाटी आली. वहीत होतं, "दुसऱ्या दिवशी." मी वाचलं, "याच्यावर विश्वास ठेवू नकोस. याची बायको आहे, बेंबळीला."

पुढच्या रांगेतल्या आक्का म्हणाल्या, "हा गोरा बेंबळीला कशाला गेला म्हणं?"

रिक्षावाला उठला. "बेंबळीला माझी आई हाय. बायको न्हाय. कुणी लिवलं हे?"

वाचनालयाचे चिटणीस दारातच उभे होते. मला माझी वळकटी रस्त्यावर दिसायला लागली.

सर उठले. "मी लिहिलं. लोकांना जवळचं वाटावं म्हणून गाव घातलं. चुकलं, माफ करा."

खोटं बोलणाऱ्या पोरांना जन्मभर अंगठे धरायला लावणारा माणूस तो.

नंतर मला एवढंच म्हणाले, "उद्या त्या दोघांना खरं सांगून ये."

सांगितलं. रिक्षावाला म्हणाला, "तोंडावर म्हणायचं व्हतं की." मुलगी म्हणाली, "पडद्यावर दोनच शब्द होते. मला इंग्रजी वाचता येतं." दिवाळीनंतर त्यांचं लग्न आहे. पत्रिका मलाही आली.

खोली अजून माझ्याकडं आहे. सरांनी तो विषय पुन्हा काढला नाही. भर सभेत त्यांनी माझी चूक आपल्या अंगावर घेतली. त्यांच्यावर कधी तशी वेळ आली, तर पहिला उठून उभा राहणारा मी असेन. एवढं फेडीनच, कधी ना कधी.