माणिकमामांच्या गस्ती बोटी

मामीचा फोन आला तेव्हा मी भाजी निवडत होते. "तुझे मामा गेले गं… दुपारी जेवून पडले, ते उठलेच नाहीत." त्याला आता पाच आठवडे झाले. माणिकमामा आठवले की अजूनही ते मला फरशीवर पसरलेल्या भल्यामोठ्या कागदावर ओणवे झालेले दिसतात, आणि पंख्याच्या वाऱ्यानं तो कागद त्यांच्याभोवती संथ हेलावत असतो… पाण्यासारखा.

खरं तर समुद्र त्यांनी चाळिशी ओलांडेपर्यंत पाहिलाच नव्हता. उदगीरकडच्या कोरडवाहू शेतकऱ्याचा हा मुलगा ड्राफ्ट्समनचा कोर्स करून हैदराबादला आला नि इथलाच झाला. जामबागच्या कॉलेजात नाव घातलं म्हणून मी हिमायतनगरला त्यांच्या घरी राहायला गेले, ती नव्वदीतली वर्षं. खाजगी कंपन्यांना तेव्हा नवी नवी कामं खुली होत होती. मामांच्या सिकंदराबादच्या लहानशा कंपनीला नौदलाच्या गस्ती बोटींचे आराखडे मिळाले. एकाच घडणीच्या सहा बोटी. किनाऱ्याकिनाऱ्यानं फिरायचं, संशय आला की होडी थांबवून तिच्यावर उतरायचं, वेळ पडली तर उथळ खाडीतही शिरायचं.

"म्हणून बोटीचे पंखे खाली लोंबते नक्को," मामा सांगायचे. "तळालाच पोकळी ठेवायची, त्यात ते वर घ्यायचे. मग गाळ लागत नाही."

मला त्यातलं फारसं कळत नसे, पण पट्टीचं दुसरं टोक धरून बसायला आवडायचं. बोट हलकी हवी, पळती हवी. मामा रोज तिच्यावरचं काही ना काही काढून टाकत आणि संध्याकाळी खुशीत म्हणत, "आज अजून थोडी उतरली!" त्या दिवसांत आमचं घरच जमिनीपासून वीतभर वर तरंगतंय असं वाटायचं…

पहिल्या दोन बोटी कामाला लागल्यावर मामांना त्यातल्या एकीवर दिवसभर जायला मिळालं. परतल्यावर तिसऱ्या दिवशी गच्चीवर कपडे वाळत घालताना त्यांनी मामीला आणि मला सांगितलं. बोटीवर त्यांना उलट्या होत होत्या, तेव्हा एका तरुण नाविकानं लिंबू आणून दिलं. त्याच्या उजव्या हाताला दोन बोटं नव्हती. एका मच्छीमार होडीवर उतरताना लाट आली, तोल गेला आणि हात होडी आणि गस्ती बोटीच्या मध्ये चिरडला. मामांनी विचारलं, "कसं झालं?" तो साधेपणानं म्हणाला, "पकडने को कुछ नहीं था, सर."

"तिथं कठडा होता," मामा म्हणाले. "मीच काढून टाकला. वजनापायी."

त्यांनी हे कंपनीत सांगितल्यावर साहेबांनी त्यांना बोलावून समजावलं होतं, "कदमसाब, लडका फिसला लिखो, बस. नहीं तो नेवी की बाकी चार बोटां हाथ से जाते." मामी घाबरली. "अहो, नोकरी गेली तर?"

"त्याची तर बोटं गेली गं," मामा म्हणाले, आणि ओली चादर हातात तशीच धरून उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःच्या हातानं लिहून दिलं: चूक आराखड्याची, आराखडा माझा. नोकरी राहिली, पण मुख्य ड्राफ्ट्समनची खुर्ची दुसऱ्याला गेली आणि मामा जुन्या नकाशांच्या कपाटांपाशी जाऊन बसले. नौदलानं मात्र काम काढून घेतलं नाही. उरलेल्या चारही बोटी कठड्यासकट पाण्यात उतरल्या, आधीच्या दोन्हींनाही तो बसवला. वेग किंचित कमी झाला. "कुणाची तक्रार नाही," मामा एकदा सहज बोलून गेले, एवढंच.

निवृत्तीनंतर ते घरीच मुलांना ड्रॉइंग शिकवत. कोऱ्या कागदावर आधी पेन्सिलीनं करंगळीएवढा माणूस काढायला लावत. "आधी हा उभा राहू दे. मग त्याच्याभोवती काय बांधायचं ते बांधा."

गेल्या रविवारी मामीकडे गेले होते. मामांची खोली तिनं आवरलेली नाही. टेबलावर चार कोपऱ्यांना टाचण्या लावून कागद ताणलेला होता. दुपारचं ऊन त्यावरून हळूहळू सरकत होतं… मधोमध तो छोटा माणूस, एक हात जरा पुढे केलेला. त्याच्याभोवती अजून एकही रेघ नव्हती.