मुडबीचा पांढरा एडका

कल्याणीला बैलगाडी सोडली आणि मुडबीची वाट धरली. सोलापूरकडे माझी थोडी माळरानाची जमीन आहे. तिच्यावर मेंढ्या पाळायचं खूळ डोक्यात शिरलं होतं. निजामाच्या राज्यातली या टापूतली काळी मेंढरं फार काटक, म्हणून चार माद्या विकत घ्यायला निघालो होतो. वाटेत चपलेचा अंगठा तुटला. मुडबी येईपर्यंत मी सगळ्या जगावर वैतागलेलो होतो.

सिद्राम आणि मल्लव्वा या नवराबायकोचा कळप लिंबाखाली दुपारचा विसावला होता. रात्री तो कुणाच्या तरी शेतात बसवायचा. शेताला खत मिळतं, यांना ज्वारी. मल्लव्वानं भाकरी आणि पुंडीपल्या (अंबाडीची भाजी) वाढली. आंबट, झणझणीत, सुरेख. जेवताना बाजूला धापा टाकत पडलेला एक गलेलठ्ठ पांढरा एडका दिसला.

"सरकारी टगरू (एडका) हाय, अण्णा," सिद्राम म्हणाला. "लोकर सुधराया दिलाय. कोसभर चालला की बसतोय."

"मग तुमचे काळे एडके?"

"बडवले की!" मल्लव्वा म्हणाली. "गावोगावचे बडवले. कोकरंबी सोडली न्हाईत."

बडवणं म्हणजे खच्ची करणं. काळी पैदास होऊच द्यायची नाही, असा हुकूम. पांढऱ्याची जी कोकरं झाली ती पावसाळ्यात खोकून खोकून मेली आणि यंदा तो उठायलाही तयार नव्हता. माद्या माजावर आल्या होत्या. एक बडवलेला एडका त्यांना हुंगायचा आणि पुन्हा चरायला लागायचा. मला ते बघवेना. हुकूम काढणाऱ्या शहाण्याला या कळपामागं उन्हाळाभर अनवाणी हिंडवलं पाहिजे.

"मी पुढच्या साली काळा एडका आणून देतो," मी म्हणालो.

"त्योबी बडवतील," सिद्राम म्हणाला. "कुठं लपवावं? कळप रोज रानात फिरायलाय."

मी चार माद्या निवडल्या. मल्लव्वानं त्या बाजूला सारल्या आणि सगळ्यात चांगल्या पुढं काढल्या.

"ह्या न्या. अजून न्या. तुमच्या इंग्रजी मुलखात ह्यो हुकूम न्हाई, काळा टगरू मिळंल की. हितं ह्यांचा वंश बुडायलाय."

सिद्राम नको म्हणाला नाही. तोंड फिरवून बसला. किमतीत घासाघीस करायची माझी हौस तिथंच विरली. मल्लव्वानं मागितले तेही बाजारापेक्षा कमीच.

निम्मा कळप माझ्या पदरात पडला. पण मेंढरं परक्यामागं चालेनात, म्हणून मल्लव्वाच हाका मारत शिवेपर्यंत पुढं चालली. तिथं पुढच्या मादीचं दावं तिनं माझ्या हाती दिलं आणि ती बांधाआड जाऊन बसली. तोंडात पदर कोंबला होता. तिचा आवाज ऐकला असता तर मेंढरं माघारी वळली असती.

आता माझ्या माळावर काळी कोकरं बागडतात. जातिवंत माल स्वस्तात मिळवला म्हणून गाव माझी पाठ थोपटतं, तेव्हा अंगाची आग होते. एका बाईनं स्वतःचा संसार माझ्या घराकडं हाकून दिला, त्याला ही माणसं माझं नशीब म्हणतात.