माझ्या सासूबाईंनी केलेली मी

आमच्या दिग्दर्शकाला दर वर्षी एक नवा देश लागतो. एरवी तो कॉलेजात फिजिक्स शिकवतो. उन्हाळ्याच्या सुट्या लागल्या की कुठल्यातरी नाट्यशिबिराला पळतो आणि परत येताना एक परदेशी पद्धत घेऊन येतो. पुढचं वर्षभर ती आम्हाला पुरते. धरमपेठेतल्या एका शाळेच्या हॉलमध्ये आमच्या तालमी होतात. आम्ही कुणी बँकेतले, कुणी शिक्षक, कुणी दुकानदार. ऑफिस सुटलं की डबा तसाच पिशवीत ठेवून तिथं पोचायचं आणि विचारायचं, "दादा, यंदा कुठला?"

एका वर्षी जपान होता. तेव्हा रंगमंचाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत आम्ही इतकं हळू चालायचो की प्रयोगात पहिल्या रांगेतले एक काका शेजाऱ्याला म्हणाले, "व्होल्टेज कमी दिसते." जर्मनी आला त्या वर्षी रडायला बंदी. प्रेक्षकानं वाहून न जाता विचार करावा, म्हणून ऐन दुःखाच्या प्रसंगी मी गळ्यात पाटी अडकवून उभी राहिले, 'ही बाई आता दुःखी आहे.' पोलंडच्या वर्षी सेट गेला, खुर्च्या-टेबलं गेली आणि आम्हीच खुर्च्या-टेबलं झालो. माझ्यावर एक खासा जाडजूड नायक बसायचा. पाठ का दुखते, हे बँकेत कुणाला खरं सांगायची सोय नव्हती.

मग ब्राझील आला.

ब्राझीलची रीत अशी, की एक छोटं नाटक करायचं, त्यात कुणावरतरी अन्याय होऊ द्यायचा आणि नाटक संपवायचं. नंतर तेच नाटक पुन्हा सुरू करायचं. आता प्रेक्षकांतल्या कुणालाही वाटलं, की अमक्यानं इथं वेगळं वागायला पाहिजे होतं, तर त्यानं 'थांबा' म्हणून ओरडायचं, वर यायचं, त्या पात्राची जागा घ्यायची आणि आपण काय केलं असतं ते करून दाखवायचं. आम्ही सासू-सुनेचं नाटक बसवलं. सुनेला कळमेश्वरच्या एमआयडीसीत पॅकिंगच्या कामावर जायचंय. सासू नाही म्हणते. मुलगा मोबाइल बघत बसतो. एवढंच. सून झाली कॉलेजात शिकणारी एक हुशार मुलगी. सासू मला मिळाली.

ही सासू कुठून आणायची, असा प्रश्न मला पडलाच नाही. माझ्या खऱ्या सासूबाई नरखेड तालुक्यातल्या आमच्या गावी असतात. संत्र्याची बाग आहे, विहीर आहे, ते सगळं त्या बघतात आणि बीपी तपासायला अधूनमधून आमच्याकडे नागपूरला येतात. आल्या की मी त्यांच्याकडे बघत बसते. त्या खुर्चीतून दोन हप्त्यांत उठतात. आधी गुडघ्यावर हात ठेवून अर्ध्या उठतात, तिथं थांबून कुणालातरी काहीतरी सुनावतात आणि मग उरलेल्या उठतात. नाही म्हणायचं असलं की आधी पदर कमरेला खोचतात आणि टाळूला जीभ लावून टक् करतात. आणि रागावल्या की एक शब्द बोलत नाहीत, हाताला लागेल त्या कापडाची घडी घालायला लागतात. एकदा त्यांनी माझ्या नवऱ्याच्या रुमालापासून सोफ्याच्या अभ्र्यापर्यंत सगळ्या घराच्या घड्या घातल्या होत्या. कशाचा राग होता, हे आम्हाला अजून कळलेलं नाही.

मी हे सगळं जसंच्या तसं उचललं. तालमीत हशा पिकला. दिग्दर्शक म्हणाला, "ताई, हे आणलं कुठून?"

"निरीक्षण," मी डोळे खाली करून म्हणाले.

माझा नवरा एकदा मला न्यायला आला आणि दारात उभा राहून तालीम बघायला लागला. आधी पोट धरून हसला, मग त्याचा चेहरा उतरला. "आईनं पाहिलं तर आपलं काही खरं नाही," गाडीत तो म्हणाला.

आणि त्याच माणसानं पुढच्या आठवड्यात घोळ घातला. गावातल्या शाळेत कार्यक्रम होता, त्यांना काहीतरी करमणूक हवी होती. फोनवर या पठ्ठ्यानं फुशारकी मारली, "आमच्या घरातच नटी आहे!" झालं, आमंत्रण आलं. दिग्दर्शक तर खुर्चीतून उठून उभा राहिला. "खेडं! खरा प्रेक्षक! ताई, ही रीत जन्मलीच यासाठी!"

मी रातोरात दुसरी सासू तयार केली. कडक, सरळ, कुणाच्याच ओळखीची नसलेली. दुसऱ्या दिवशी तालमीत दिग्दर्शकानं ती दोन मिनिटं पाहिली. "ही कोण? ही तर सीरियलमधली वाटते. ताई, आधीची आणा."

तर एका थंडीतल्या दुपारी आम्ही गावात. शाळेचा ओटा हाच रंगमंच, समोर मैदानात ताडपत्री अंथरलेली. एका बाजूला बायका, दुसऱ्या बाजूला पुरुष, कडेला मोटरसायकलींवर बसलेली मंडळी. आणि अगदी समोर, गुडघ्यामुळे खाली बसता येत नाही म्हणून, प्लास्टिकच्या खुर्चीवर सासूबाई. ठेवणीतलं लुगडं नेसून, सुनेचं नाटक बघायला.

मी ठरवलं होतं, सपाट करायचं. पदर खोचायचा नाही, घडी घालायची नाही. पण पहिल्याच वाक्यानंतर चुकून मी अर्धी उठून थांबले आणि मैदानातून हशा आला. एकदा हशा आला की नटाचं काही खरं नसतं. मग मी काहीच हातचं राखलं नाही. पदर खोचला, टाळूला जीभ लावून टक् केलं, सुनेच्या खांद्यावरची ओढणी काढून तिची घडी घातली. बायका हसायच्या आणि वळून सासूबाईंकडे बघायच्या, पुन्हा माझ्याकडे बघून हसायच्या. सासूबाईंच्या तोंडावर काहीच दिसत नव्हतं. थोड्या वेळानं त्यांनी हात लांब केला, शेजारणीच्या मांडीवरचा दुपट्टा उचलला आणि शांतपणे त्याची घडी घालायला घेतली.

मी हातातली ओढणी सुनेला परत देऊन टाकली.

पहिला खेळ संपला. दिग्दर्शकानं माइक घेऊन सगळ्यांना 'थांबा'ची रीत समजावली आणि आम्ही पुन्हा सुरुवात केली. कुणी हालेना. आमची सून नोकरीबद्दल बोलते, मी नाही म्हणते, मैदान गप्प. एवढ्यात मागून जोरात आवाज आला, "थांबा! थांबा जी!"

दिग्दर्शक धावतच मागे गेला. "या, या! कुणाची जागा घेता?"

"कोनाचीच नाही जी," तो शेतकरी चपला शोधत म्हणाला. "लाइन आली. मोटर चालू करून येतो, तोवर थांबवा."

त्याच्यामागे अर्धे पुरुष उठून गेले. मोटरसायकली धडाधड सुरू झाल्या. आम्ही नाटकातल्या जागा न सोडता उभे. दिग्दर्शक जवळ येऊन हळूच म्हणाला, "हासुद्धा हस्तक्षेपच आहे." बागांना पाणी सोडून मंडळी परत आली, तेव्हा आम्ही पुढं सुरू केलं.

मी पदर खोचून म्हणाले, "तू कामावर गेली, त घरचं कोन पाहीन?"

"थांबा."

आवाज ओळखायला मला मान वळवायची गरज नव्हती. सासूबाई उठल्या. अर्ध्या उठल्या, थांबल्या, तशा आधी बायका हसल्या, मग पुरुष हसले, मग उरलेल्या उठल्या. हळूहळू चालत वर आल्या.

"या आजी," दिग्दर्शक म्हणाला. "सासूची जागा घेता ना?"

सासूबाईंनी मला डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं. "सासू ठीक करून राह्यली ते," त्या म्हणाल्या. "सून बराबर नाही. सरक वं बाई, मी होतो सून."

ती मुलगी सरकली. सासूबाईंनी नाटकातल्या मुलाच्या हातून मोबाइल काढून घेतला, स्वतःचा चष्मा डोक्यावर सरकवला, मान एका बाजूला कलती केली आणि चक्क माझ्या आवाजात, माझ्या शहरी मराठीत म्हणाल्या, "आई, तुम्ही बसा ना. तुम्ही कशाला उठता? मी करते ना." आणि ऐसपैस बसून मोबाइल बघायला लागल्या.

मैदान कोसळलं. आमच्या गावातल्या बायका मला वर्षानुवर्षं ओळखतात. कुणाचंही नाव घ्यायची गरज पडली नाही.

"आई, आज ना माझी मीटिंग आहे," त्या पुढं म्हणाल्या. "वरणाचा कुकर लावलाय. तुम्ही फक्त गॅस बंद करा. आणि फक्त भाजी फोडणीला टाका. आणि फक्त पोळ्या." तो 'फक्त' त्यांनी असा लाडात ओढला की मी जागच्या जागी लाल झाले. मी असं म्हणते? माझा नवरा पाण्याच्या टाकीमागे जाऊन हसत होता. टाकीच्या वर त्याचे खांदे हलताना दिसत होते.

पण मी सासू होते आणि नाटक चालू होतं. पळायची सोय नव्हती. मी पदर पुन्हा खोचला. "आमच्या टायमाले असं नव्हतं!"

"हो का?" त्या गोड आवाजात म्हणाल्या. "मग कसं होतं, आई? सांगा ना."

"आमी... आमी दिवस निंगाच्या आंधी उठत होतो."

"ते तर झालंच. पण तुम्हाला कुठं जायचं होतं का? काही शिकायचं, काही करायचं? मनात होतं का काही?"

मी पदर चाचपला. त्यांचं उठणं माझ्याकडे होतं, पदर होता, घड्या होत्या. या प्रश्नाचं उत्तर तेवढं नव्हतं. लग्न होऊन एवढी वर्षं झाली, मी त्यांना हे कधी विचारलंच नव्हतं. बायका हसायच्या थांबल्या. दिग्दर्शक खालून खुणा करत होता, बोला, बोला.

सासूबाई पुढं झाल्या. माझा खोचलेला पदर नीट केल्यासारखं करत, ओठ न हलवता म्हणाल्या, "म्हन, अंगनवाडीत लागली होती."

"मी अंगनवाडीत लागली होती," मी मोठ्यानं म्हणाले.

"मले लोक मास्तरीन म्हनत."

"मले लोक मास्तरीन म्हनत."

"मग काय झालं, आई?" हे त्यांनी मोठ्यानं विचारलं, माझ्या आवाजात. आणि लगेच हळूच, "सासरा म्हने, पोरायले शिकवाले आपल्या घरी पोरं कमी हायेत का."

मी तेही म्हटलं. पुढच्या रांगेतली एक म्हातारी जोरजोरात मान हलवत होती.

"त्यांनी असं म्हटलं तेव्हा तुम्हाला बरं वाटलं?"

याचं उत्तर त्यांना मला सांगावं लागलं नाही. "नाही," मी म्हणाले.

"मग मी जाऊ कामावर?"

मी दिग्दर्शकाकडे पाहिलं. तो दोन्ही हात हलवत होता. अन्याय करणाऱ्या पात्रानं एकदम विरघळायचं नाही, हा या रीतीतला मोठा नियम. मी अडखळत म्हणाले, "पन घरचं कोन..."

"हो म्हन ना वं," सासूबाई पुटपुटल्या, "लोकायले घरी ढोरं बांधाची हायेत."

"जा," मी म्हणाले.

टाळ्या थांबायला वेळ लागला. थांबल्यावर दिग्दर्शकानं माइक घेऊन समजावलं, की अशा अचानक बदलाला या पद्धतीत जादू म्हणतात आणि खऱ्या आयुष्यात जादू होत नसते.

"जादू कायची जी?" सासूबाई खाली उतरता उतरता म्हणाल्या. "तिले आजवर कोनी इचारलंच नव्हतं."

मोटर चालू करून आलेला शेतकरी मागून ओरडला, "बराबर बोलली काकू!" दिग्दर्शकानं माइक बंद केला.

संध्याकाळी आम्ही दोघी स्वयंपाकघरात. मी भाकरीचं पीठ मळत होते आणि घडी घालता येईल असं कुठलंही कापड मी आधीच त्यांच्यापासून लांब ठेवलं होतं.

"मी अशी उठतो का वं?" त्यांनी विचारलं.

"हो, आई."

"अर्धी-अर्धी?"

"हो."

त्यांनी एकदम उठून पाहिलं, कळ आली, पुन्हा बसल्या. "राहू दे. अर्धीच बरी."

मी थोड्या वेळानं विचारलं, "अंगणवाडीचं खरं होतं?"

"खोटं कायले सांगू? पोरं माह्या पदराले धरून घरापर्यंत येत." त्या चुलीकडे बघत होत्या. "सासऱ्याले मी मनवलं असतं. ते काही येवढे वाईट नव्हते. पन मंग तुह्या नवऱ्याचे दिवस राह्यले." मग दाराकडे बघून हळूच म्हणाल्या, "त्याले सांगजो नको. त्याले वाटन, त्याच्याच पायी नोकरी गेली."

"त्याच्याच पायी नव्हती का गेली?"

"गेली ना! पन सांगजो नको."

त्या वर्षी गावच्या घरी संक्रांतीच्या हळदीकुंकवाला गल्लीतल्या बायकांनी वाण हातात घेतलं आणि कुणी घरी जाईना. सासूबाईंनी सुनेची नक्कल केल्याशिवाय उठायचं नाही, असं ठरलं होतं. त्यांनी आढेवेढे घेतले नाहीत. मैदानात दाखवलं त्यात बरीच भर पडली होती. कामवाली न आलेल्या दिवशीची मी, गाडी मागे घेताना खिडकीतून मान बाहेर काढणारी मी, हलव्याच्या दागिन्यांचा फोटो नीट येईपर्यंत सगळ्यांना उपाशी ठेवणारी मी. मी तिळगूळ हातात धरून बसले होते आणि सगळ्यांत जास्त मीच हसत होते, निदान तसं दाखवत होते.

आता त्या नागपूरला येतात तेव्हा बीपी तपासणं नावापुरतं असतं. मागच्या खेपेला मी गॅलरीत उभी राहून फोनवर कुरिअरवाल्याशी भांडत होते. भांडण संपवून वळले तर त्या दारात उभ्या, चौकटीला टेकून, मन लावून ऐकत.

"पुन्हा एकडाव भांड वं," त्या म्हणाल्या. "शेवटचं मले नीट आयकू नाही आलं."