अष्टमुडीच्या बेटावर आबांनी कापलेली सात पिलं

केळीच्या गावाहून निघून केळीच्याच गावाला कशाला जायचं, असा आबांचा रोकडा सवाल होता. आबा म्हणजे माझे वडील. बुऱ्हाणपूरजवळ तापीकाठी आमची केळीची शेती आहे, आणि तिला सोडून ते कधी दोन मुक्कामांच्या वर राहिलेले नाहीत. मी बुऱ्हाणपूरच्याच लालबाग भागातल्या शाळेत शिकवते. तिथल्या मल्याळी बाईंची मावशी केरळात, अष्टमुडी तलावातल्या एका बेटावर राहते आणि घरातल्या दोन खोल्या पाहुण्यांना देते. समुद्राचं पाणी आत शिरून झालेला हा तलाव, त्यात माणसं राहतात ती बेटं. हे मी सांगत होते, तर आबा एकदम म्हणाले, "चारीकडून पानी? मग त्याहीले ड्रिप लागत नसन."

हे पाहायला म्हणून आबा तयार झाले. मी त्याच दिवशी तिकिटं काढली.

नाताळच्या सुट्टीत निघालो. बुऱ्हाणपूर ते भुसावळ, तिथून एर्नाकुलम, पुढे कोल्लम असं करत तिसऱ्या दिवशी दुपारी पोचलो. डबा दोन दिवसांचा घ्या, गाडीतल्या जेवणाचं मी काही बोलत नाही. कोल्लमहून रिक्षा आणि मग होडी. होडी सुटल्याबरोबर आबांनी हात बुडवून पाणी चाखलं आणि तोंड वाकडं केलं.

"हे त खारं हाय! इतकं पानी, अन् झाडाले देता येत नाही?"

हा प्रश्न त्यांनी संध्याकाळपर्यंत तीनदा विचारला.

मावशींचं नाव लीलाअम्मा. साठीच्या, कमी बोलणाऱ्या. त्यांना हिंदीचे चार शब्द येतात, आबांना मल्याळम शून्य. आबांनी बुऱ्हाणपूरच्या बुधवारा बाजारातून आणलेला दराबा, आमच्याकडची रवा-तुपाची मिठाई, त्यांच्या हातात दिला. त्यांनी डबा उघडून वास घेतला आणि आम्हाला गरम पुट्टू वाढलं. तांदळाच्या पिठाचा हा वाफवलेला प्रकार पिकलं केळं कुस्करून खायचा. आबांनी केळ्याला नावं ठेवत दोनदा घेतलं. प्यायचं पाणी पलीकडच्या काठावरून तलावाखालच्या नळातून येतं, तेही एक दिवसाआड. गेलात तर अंघोळीला बादली जपून वापरा.

घरामागे मातीचा बांध आणि त्यावर केळीचं एकच झाड. बाकी सगळे नारळ.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला मी छोट्या होडीतून कालवे बघायला गेले. मोठ्या बोटीच्या नादी लागू नका, ती या कालव्यांत शिरतच नाही. पूल इतके बुटके की होडीत आडवं व्हावं लागतं. एका घराच्या पायरीवर बाई भांडी घासत होती आणि शेजारी पाणकावळा पंख वाळवत बसला होता, दोघांना एकमेकांचं काही नव्हतं. आबा आले नाहीत. म्हणाले, मी इथंच जरा पाहतो.

नऊला परतले तर आबा खुशीत कोयता धूत होते.

केळीच्या बुंध्याशी कोंब फुटतात, त्यांना आम्ही पिलं म्हणतो. ती ठेवली तर मोठ्या झाडाचं अन्न खातात आणि घड बारीक राहतो. म्हणून आमच्याकडे दिसलं पिल की काप. आबांनी लीलाअम्मांची सातही पिलं जमिनीलगत कापली होती.

"लई माजली होती. आता घड कसा भरते पाहा!"

लीलाअम्मा बाहेर आल्या, पाहिलं आणि बांधावरच बसल्या. त्यांची मुलगी सिंधू तेवढ्यात होडीने आली होती, ती शेजारच्या बेटावर राहते. शाळेत शिकलेल्या हिंदीत ती हळूच म्हणाली, "अंकल, ये सात मेरे लिए थे."

गेल्या उन्हाळ्यात खारं पाणी चढलं आणि दोन्ही बेटांवरच्या केळी जळाल्या. टिकलं ते फक्त हे एक झाड. त्याची पिलं रविवारी काढून सिंधूच्या अंगणात लावायची होती.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "तुम्हाला कुणी सांगितलं होतं, आबा?" मी सगळ्यांसमोर ओरडले.

"घरचं झाड समजून केलं वो बाई," ते म्हणाले. त्यांचा आवाज इतका बारीक मी कधी ऐकला नव्हता.

मग ते गुडघ्यांवर बसले आणि हातांनी माती उकरू लागले. "सांग त्याहीले, कंद जिता हाय. आम्ही पयले कंदच लावायचो. फुटतीन."

वर्कलाचा समुद्रकिनारा आमच्या यादीत होता, तो राहिला. तुम्ही जरूर जा. आम्ही तो दिवस सिंधूच्या अंगणात काढला. आबांनी कंद मुळांसकट काढले, होडीत मांडीवर धरून नेले, मातीचे उंचवटे केले आणि एकेक लावला. सिंधूने वरून नारळाचा काथ्या पसरला. ओल टिकते म्हणाली. आबांनी ते नीट पाहून घेतलं, दोन प्रश्नही विचारले. लीलाअम्मा लांब उभ्या होत्या. निघताना त्यांनी दराब्याचा डबा केळ्याच्या वेफर्सनी भरून परत दिला, पण हसल्या नाहीत.

घरी आल्यावर आबांनी प्रवासाबद्दल कुणाला फारसं सांगितलं नाही. मला मात्र रोज विचारायचे, "काही आलं का फोनवर?" माझी शाळा सुरू झाली, संक्रांत झाली. तिळगूळ देतानाही तेच.

फेब्रुवारीत सिंधूचा फोटो आला. पाच उंचवट्यांवर हिरव्या सुरळ्या वर आल्या होत्या. एका कडेला लीलाअम्मा उभ्या, पदर तोंडाला लावलेला, पण डोळे हसत होते. मी ओरडतच आबांकडे गेले. त्यांनी फोटो दोन बोटांनी मोठा केला आणि बराच वेळ सरकवत राहिले.

"दोन नाही फुटले."

"आबा, पाच फुटले!"

"पोरीचे सात होते." त्यांनी फोन माझ्या हातात दिला. "तिले सांग, ते दोन खड्डे बुजवू नको म्हना. मोठ्या झाडाले नवी पिलं आली असतीन, दोन काहाडून लावतो. तू तिकीट पाहा."

मी हो म्हणून वळले, तर मागून हाक आली.

"अन् आधी तिच्या मायले इचार."