इंदूरची झांकी आणि तारखेवाचून न फुटणारा नारळ

स्टूल मागितलं होतं, पलंग नाही! टेबलाच्या उंचीचं साधं स्टूल. लाकडाचं द्या, प्लास्टिकचं द्या, कसलंही द्या. आमच्या धुळ्याच्या मसाला फॅक्टरीत पॅकिंगच्या बायका कामावर आल्यापासून सुट्टी होईपर्यंत उभ्या. मॅनेजरसाहेबांना विचारलं की ठरलेलं उत्तर, "बघू." संक्रांतीला बघू, अक्षय तृतीयेला बघू, पोळ्याला बैलांनासुद्धा आराम मिळाला, आम्हाला बघू. वर म्हणतात, "बसलं की हात मंदावतात, बाई." मी म्हटलं, साहेब, तुम्ही तर दिवसभर खुर्चीतच असता! तेव्हापासून माझ्याशी जरा जपून बोलतात. गणपती विसर्जनाला जोडून सुट्टी मागितली तर म्हणाले, "जा, जा, दोन दिवस जास्त घ्या."

मग काय, निघाले! सोबत कुसुम. ही माझ्या शेजारी मिरचीची पाकिटं भरते. तिच्या पायाच्या शिरा दोरासारख्या फुगल्यात. डॉक्टरीणबाईंनी सांगितलंय, बसून काम कर, नाहीतर काम सोड. काम सोडून खायचं काय, ते मात्र डॉक्टरीणबाईंनी सांगितलं नाही. म्हणून माझी घाई स्टुलाची. मला नसलं तरी चालेल, तिला पाहिजेच.

इंदूरला माझे मामा राहतात. आईचे भाऊ. तरणेपणी खानदेशातून तिकडच्या कापड मिलमध्ये गेले आणि तिथलेच झाले. मिल बंद पडून जमाना झाला, पण त्या मिलचे जुने कामगार अजून दरवर्षी अनंत चतुर्दशीला झांकी काढतात. झांकी म्हणजे ट्रॉलीवरचा हलता देखावा, दिव्यांनी लखलखलेला. इंदूरच्या सगळ्या जुन्या मिलांच्या झांक्या रांगेनं निघतात. मामा दरवर्षी फोन करायचे, मी दरवर्षी "बघू" म्हणायचे. हो, मीसुद्धा!

जाणाऱ्यांसाठी सांगते. धुळ्याहून सकाळची बस धरा, उजेडी पोचता. आपल्या एसटीत बायकांना अर्धं तिकीट, पण ते महाराष्ट्राच्या हद्दीपर्यंतच, पुढे पूर्ण. कुसुमनं कंडक्टरला विचारलं, "हद्द ओलांडली की आम्ही पुरुष होतो का?" अख्खी बस हसली, तिकीट काही कमी झालं नाही. सेंधव्याच्या आधी बिजासणीचा घाट लागतो, उलटीची गोळी घेऊन ठेवा. मी घेतली नाही, पुढचं सांगत नाही. खलघाटला नर्मदा अशी भरून चाललेली की गाडीतल्या सगळ्यांनी हात जोडले. आमच्या पुढच्या सीटवरच्या माणसानं झोपेतच जोडले.

मामा स्टँडवर न्यायला आले होते. आता त्यांच्या डोक्यावर एक केस काळा नाही, पण चाल पोरासारखी. "चलो, चलो, बाई, पहले पोहे!" पोह्यांवर शेव, कांदा, वर तिखट-आंबट जीरावन मसाला, आणि सोबत गरम जिलबी. पोहे आणि जिलबी एकत्र खायची हे ऐकून मी नाक मुरडलं होतं. दोन प्लेटी खाल्ल्या. कुसुमनं तीन. दुपारी पोचलात तरी मिळतात, काळजी करू नका. स्वस्त आहेत, आपल्या वडापावच्या भावात पोट भरतं.

दुसऱ्या दिवशी अनंत चतुर्दशी. सकाळी कृष्णपुऱ्याच्या छत्र्या, म्हणजे राजघराण्याच्या समाध्या बघितल्या. नदीकाठी दगडाचं कोरीवकाम, लेण्यात गेल्यासारखं वाटतं. तिथल्या गार पायऱ्यांवर कुसुम पाय लांब करून बसली आणि म्हणाली, "ताई, मला इथंच राहू द्या, माझी पाकिटं इकडे पाठवा." मामांनी तिचे पाय बघितले. काय झालं विचारलं, मी स्टुलाची सगळी गोष्ट सांगितली.

मामा खो खो हसले. मला राग आला. "हसता काय?"

"अरे बाई, तुम लोगों ने मागितलं कसं? दहा गोष्टी एकदम, आणि साहेबाच्या केबिनमध्ये?"

अगदी तसंच मागितलं होतं. स्टूल, पंखा, संडासची कडी, चहाला जास्तीची पाच मिनिटं.

मग मामांनी त्या पायऱ्यांवरच आम्हाला मिलची रीत सांगितली. राजाच्या काळात मिली निघाल्या, मजूर गावोगावचा, मालक पेढीवरचा, आणि मध्ये सरकारचा लेबर ऑफिसर. संप व्हायचे, टाळं लागायचं, युनियनवाले आणि मॅनेजर महिनोन्‌महिने एकमेकांचं तोंड बघायचे नाहीत. पण झांकीच्या दिवशी तिघं गेटवर यायचेच. मजूर झांकी बनवायचा, मालक लाकूड-वीज द्यायचा, सरकार रस्ता मोकळा करून द्यायचं. आरती झाली की सगळ्यात जुना मजूर सगळ्यांसमोर एक मागणी सांगायचा. एकच. आणि मॅनेजरनं तिथल्या तिथं तारीख द्यायची. तारीख मिळाली की नारळ फुटणार. नाहीतर बप्पा गेटवरच उभे.

"आणि मॅनेजर बघू म्हणाला तर?"

"तो खड़े रहो! एक बार हमने लूमखात्यात, मागांपाशी, पिण्याच्या पाण्याचा माठ मागितला. मॅनेजर बोला, देखेंगे. मागे बाकीच्या मिलांची लाईन लागली, बँडवाले वाजवून वाजवून थकले. लेबर ऑफिसरसाहेब प्रसाद खात बसले होते, तेच शेवटी वैतागले, अहो, द्या ना एक माठ! सोमवारी माठ आला."

"आणि तारीख देऊन पाळली नाही तर?"

मामांचे डोळे चमकले. "तर पुढल्या वर्षी झांकीवर वो ही मॅनेजर! कपड्याचा पुतळा, आत मोटर, मुंडी नुसती अशी अशी. नाही, नाही, नाही! पूरा शहर हंसा."

मग मिल बंद का पडली, हे मी विचारलं. मामा म्हणाले, "तेव्हा गेटवर कोणी आलं नाही ना. मालक म्हणे सरकारला विचारा, सरकार म्हणे कोर्टात जा, कोर्ट म्हणे मालकाला बोलवा. मागाचा धोटा कसा इकडून तिकडे जातो, वैसी हमारी उमर गई." एवढंच. लगेच उठले, "चलो, मेरे नाग को तेल देना है."

नाग म्हणजे या वर्षीच्या झांकीतला कालिया! बंद मिलच्या गेटपाशी एक पत्र्याची शेड आहे, तिथं दोन महिने काम चाललं होतं. पाच फण्यांचा नाग, वर नाचणारा कृष्ण. फणे हलतात ते जुन्या मागाच्या चाकांवर, आणि त्यांचा दांडा मामांच्या हातात. बाकी सगळे मामांच्याच वयाचे, पण आरडाओरडा लग्नघरासारखा, जो तो एकमेकांचा भिया, म्हणजे भाऊ. "भिया, कृष्णाची बासरी उलटी लागलीय!" "अरे, तू उलटा उभा आहेस!" आम्ही दोघींनी यमुनेच्या लाटांना चमकी चिकटवली. अजून माझ्या केसांत निघते.

तिथंच कळलं की ही शेड पाडणार आहेत. जागेचं दुसरं काही होणार. पुढच्या वर्षी झांकी बनवायची कुठं, कोणी सांगत नव्हतं. म्हणून यंदाची एकच मागणी ठरली, शेडसाठी जागा. मालक तर आता कोणी नाही, म्हणून पाहुणे म्हणून आलेल्या सरकारी साहेबांनाच मालकाच्या जागी उभं केलं. त्यांना बिचाऱ्यांना हे माहीतच नव्हतं. ते फोटो काढायला आले होते.

दिवेलागणीला आरती झाली. मामांचे दोन्ही हात दांड्यावर, म्हणून नारळ त्यांनी माझ्या हातात दिला. कानात म्हणाले, "तारखेआधी सोडू नको."

एका आजोबांनी मागणी सांगितली. साहेब गोड हसले. "इस पर सकारात्मक विचार किया जाएगा."

"तारीख!" सगळे म्हातारे एका आवाजात.

साहेब गडबडले. मागच्या मिलचा बँड तापला होता, तिकडून ओरडा, "अरे भिया, नारियल फोड़ो, हमारे बप्पा को भी जाना है!" पोलीस शिट्ट्या मारतोय. साहेबांनी माझ्याकडे हात केला, "बहनजी, नारियल दीजिए."

मी नारळ पदराखाली घेतला. "पहले तारीख दीजिए!"

"दिवाली तक हो जाएगा."

"दिवाली तारीख नहीं है, सण है!"

काय हशा झाला म्हणून सांगू! साहेबांनी नारळ धरायला हात पुढे केला, मी मागे सरकले, कुसुम मध्ये उभी राहिली. फुगलेल्या पायांची बाई, पण भिंतीसारखी. शेवटी साहेबही हसायला लागले. फोन लावला, बाजूला जाऊन बोलले, आणि परत येऊन मोठ्यानं म्हणाले, "अगले महीने की पंद्रह तारीख. मैं खुद आऊंगा, जगह दिखाऊंगा."

मी नारळ असा आपटला की पाणी साहेबांच्या शर्टावर! मामांनी दांडा ओढला, पाचही फणे एकदम डोलले, आणि झांकी निघाली. कुसुम आणि मी पुढं नाचत होतो. मी, दोन पोरांच्या लग्नात न नाचलेली बाई! बघायला जाणार असाल तर चपला घट्ट घाला, माझी एक राजवाड्याजवळ गेली ती गेलीच.

निघताना मामांना विचारलं, साहेब येतील का पंधराला?

"आला तर चांगलंच. नाही आला तर त्याच्या मापाचा कपडा घेऊन ठेवतो."

घरी येऊन आठवडा झाला. माणसं विचारतात, काय बघितलंस इंदूरला? स्वच्छ रस्ते बघितले, खाल्लं भरपूर, नाग बघितला. पण मनात बसलं ते वेगळंच. मिल गेली, मालक गेला, पगार गेला, तरी मागायची रीत त्या म्हाताऱ्यांनी जाऊ दिली नाही. आणि आम्ही चालू फॅक्टरीतल्या बायका केबिनच्या दारात पुटपुटतो.

काल जेवणाच्या सुट्टीत पॅकिंगच्या सगळ्या बायका टेबलाभोवती उभ्या राहिलो. पंखा सोडला, कडी सोडली, चहाही सोडला. साहेबांना बोलावून सगळ्यांसमोर एकच मागणी सांगितली. साहेब म्हणाले, "बघू." कुणी जागची हलली नाही. मग म्हणाले, "वर विचारून सांगतो."

तर साहेब, तुमच्या घरी माझ्या पोस्ट वाचतात हे मला माहीत आहे, वहिनींनी मागची पोस्ट आवडल्याचं कळवलं होतं. वहिनी, एवढं वाचून दाखवा. पॅकिंगच्या प्रत्येक बाईला एक स्टूल, पहिलं कुसुमला. कोणत्या तारखेला येणार, ते येत्या सोमवारी जेवणाच्या सुट्टीआधी टेबलाशी येऊन सांगा. केबिनमध्ये नाही, टेबलाशी. आम्ही उभ्याच असू.